मेश्रामांच्या चष्म्याचं घर

आमच्या कॉलेजातले मेश्राम मेकॅनिक चष्मा घरी विसरण्यात अत्यंत नियमित होते. रेडिओ, पंखा, प्रयोगशाळेतलं कुठलंही यंत्र ते डोळे मिटूनसुद्धा उघडून जोडतील, पण कागद पुढे केला की खिशावर हात ठेवायचे आणि म्हणायचे, "चष्मा घरी राहिला जी. तुमीच वाचा न." खिशात चष्म्याचं घर मात्र रोज असायचं. एकदा तर हे वाक्य त्यांनी नाकावर चष्मा असताना ऐकवलं. मी बोट दाखवलं, तर शांतपणे म्हणाले, "हा सोल्डरिंगचा हाय. वाचायचा घरी हाय."

मी तेव्हा अठ्ठावीस वर्षांचा होतो आणि तीन आठवड्यांच्या प्रशिक्षणावर कॉलेजचा संगणकतज्ज्ञ झालो होतो. संगणक एकच. त्याचं मला जे कळत नसे ते मेश्राम दुरुस्त करत आणि मी सही करत असे.

एक दिवस मला विनोद सुचला. माझे विनोद नेहमी चार माणसं जमल्यावरच सुचतात. मेश्रामांचा चष्मा नाकावर होता, नोटीस नुकतीच आली होती. मी ती त्यांच्या हातात दिली आणि सगळ्यांसमोर म्हणालो, "आज सुटका नाही. वाचा." मेश्राम कागदाकडे बराच वेळ बघत राहिले. कपाळावर घाम आला. मग कागदाची नीट घडी घालून माझ्या टेबलावर ठेवली आणि ते बाहेर गेले. हा किस्सा मी आठवडाभर कँटीनमध्ये रंगवून सांगितला. लोक हसले. मीही.

आठवड्यानं मेश्राम आले आणि विचारू लागले, संगणकाला बोलता येईल का? म्हणजे आपण अक्षरं दाबायची आणि त्यानं जोडून शब्द म्हणायचा. आवाजाचं सर्किट ते बनवणार, प्रोग्रॅम मी लिहायचा. कोणासाठी, असं मी विचारलं, तर म्हणाले, "हायेत काही लोकं. अक्षर एकेक वळखू येते त्याहिले, पन शब्द झाला का मुंग्यांवानी हलून राहते." इतकं ऐकल्यावर कुणालाही कळलं असतं. मी तज्ज्ञ होतो, मला कळलं नाही.

आवाज माझा, असं ठरलं. मी एके काळी स्नेहसंमेलनातला नायक. सगळी बाराखडी टेपवर म्हणायची होती. मी ती म्हटली नाही, जगलो. 'का' म्हणताना जाब विचारला, 'हा' म्हणताना निःश्वास सोडला, 'मा'ला गळा दाटून आणला. 'बा' तर असा म्हटला, की जणू लहान लेकरानं संध्याकाळी दारात बाप बघितला.

मेश्रामांनी प्रत्येक अक्षर कापून फ्लॉपीवर चढवलं, कळांवर मराठी अक्षरांच्या चिठ्ठ्या डकवल्या आणि आम्ही पहिलं वाक्य दाबलं: माझा मामा गावी गेला. फ्लॉपी घरघरली. 'मा' रडला, 'झा' खेकसला, 'गा' लाजला, 'ला' खो खो हसला. एकाच वाक्यात सगळं खानदान भांडून घेत होतं. मामा गावी गेला की वर, तेही समजेना.

मेश्राम हसले नाहीत. म्हणाले, "सर, बातम्या वाचनाऱ्यावानी म्हना. जीव लावू नका."

मग मे महिन्यातले दोन रविवार मी नागपुरात, बंद खिडक्यांत, पंखा आणि कूलर बंद करून बाराखडी म्हटली, कारण पंख्याची घरघर टेपवर येत होती. डोक्यावर ओला पंचा आणि तोंडानं सपाट 'क, का, कि, की'. जीव लावण्याइतका जीव उरलाच नव्हता.

यंत्र तयार झालं त्या दुपारी मेश्रामांनी खिशातलं चष्म्याचं घर उघडलं. आत चष्मा नव्हता. बारीक घड्या घातलेली चार आंतरदेशीय पत्रं होती. भिवापूरला दिलेल्या मुलीची. बायको होती तोवर ती वाचून दाखवायची आणि उत्तरही तीच लिहायची. ती जाऊन वर्ष झालं होतं. वडिलांना वाचता येत नाही हे मुलीला ठाऊक नव्हतं.

मला माझी नोटीस आठवली. मी घाईघाईनं हात पुढे केला, "द्या, मी वाचतो."

"नाही जी," मेश्राम म्हणाले. "पोरीचं हाय. मी वाचतो."

एका बोटानं पत्रातलं अक्षर धरायचं, दुसऱ्या बोटानं कळ शोधायची. डब्यात तोंड घालून बोलावं तसा माझा आवाज यायचा, सपाट, बातम्यांचा. पण पहिलाच शब्द आला आणि मी दचकलो. "बाबा." तो सपाट नव्हता. तो माझा पहिला 'बा' होता, नाटकी, दारात उभा असलेला.

"हे जुनंच राहिलं," मी म्हणालो. "बदलून टाकू."

"राहू द्या. पोरीची माय वाचे तवा असंच म्हने."

पुढे बराच वेळ फ्लॉपी घरघरत राहिली. मला अर्ध्या मिनिटात वाचता आलं असतं. त्यांना पाऊण तास लागला. या पाऊण तासात मी एक शब्द बोललो नाही, हा माझ्या आयुष्यातला विक्रम आहे. यंत्र म्हणालं: बाबा, तुमी लिहत काहून नाही. रागावले का.

मेश्रामांनी पत्राची घडी घातली. मग खिशातून कोरं आंतरदेशीय काढलं, माझ्यासमोर ठेवलं, आणि पहिल्यांदाच खिशावर हात न ठेवता म्हणाले, "मले लिहता येत नाही, सर. एवढं पहिले लिहा."