भाऊसाहेब आणि मागची कमान

ज्याच्या स्मरणावाचून आमच्या घरी कोणतेही कार्य आरंभले जात नाही, त्या मंगलमूर्तीस आणि लोखंडातही वास करणाऱ्या त्या जगन्मातेस प्रथम वंदन असो. आज खंडेनवमी. सावेडीतील आमच्या गल्लीत सकाळपासून स्कूटरी धुतल्या जात आहेत, गाड्यांना झेंडूच्या माळा चढत आहेत. केवळ शेजारचे फाटक यंदा बंद आहे. भाऊसाहेब आणि शालनवहिनी, उभयता, आता नाशिकला मुलाकडे राहतात. त्या बंद फाटकाकडे पाहता पाहता हे चार शब्द लिहावेसे वाटले.

सर्व लोक मोटारीची पूजा पुढून करतात. भाऊसाहेब मागून करीत. निदान मला तरी प्रथम तसे वाटले होते. मी पहाटे संध्या आटोपून तुळशीला पाणी घालावयास बाहेर येई, तेव्हा हे गृहस्थ आपल्या जुन्या पांढऱ्या मोटारीच्या मागे उभे राहून, दोन्ही तळहात डिकीवर ठेवून, कंबरेतून खोल वाकलेले असत. मग सारा भार टाकून ते गाडी खाली दाबत, एकदम हात सोडत आणि डोळे मिटून उभे राहत. गाडी वरखाली डोलत राही. ती थांबली की एक दीर्घ निःश्वास टाकून घरात जात.

उपासनेच्या मार्गांत भेद असतात हे मला ठाऊक होते. पण पृष्ठपूजेचा हा संप्रदाय माझ्या वाचनात नव्हता. शेवटी एके दिवशी विचारलेच.

"गुरुजी, पूजा कसली!" ते म्हणाले. "दाबून सोडली की गाडीनं एकदा वर यावं आणि गप्प बसावं. आपली बघा, पाळण्यासारखी झुलते. मागचे शॉकप गेले. आधी कान, मग पाना. मी नुसता ऐकतोय."

'आधी कान, मग पाना' हे त्यांचे ब्रीदवाक्य होते. राहुरीला शेतकी खात्यात अवजारांच्या विभागात त्यांनी आयुष्य घालविले होते. निवृत्तीनंतर अवजारे सुटली, पण पाने सुटले नाहीत. पुढे पुढे तर त्यांना माणसे आणि मोटारी यांत भेदच दिसेनासा झाला. गल्लीतले कुलकर्णी गुडघा धरून चालू लागले, तेव्हा भाऊसाहेबांनी कुंपणावरूनच निदान केले, "रबरी बुश संपलंय तुमचं. आता लोखंडावर लोखंड घासतंय." कुलकर्णी आठवडाभर बोलले नाहीत. माझ्या खोकल्यासंबंधी त्यांचे मत असे होते की सायलेन्सरला भोक पडले आहे. उलट गाडीला मात्र कंबर होती, गुडघे होते, थंडीत तिला उठायला जड जाई आणि तिच्याशी मोठ्याने बोललेले तिला खपत नसे.

"माझ्या कमरेला मलम लावा म्हनलं तर यांना ऐकू येत न्हाई," शालनवहिनी ओसरीतल्या बाजेवरून म्हणत, "अन् गाडीच्या कमरेखाली दिवसभर झोपून ऱ्हातात!"

त्यांचे हे बोलणे विनोदाचे असले तरी दुखणे विनोदाचे नव्हते. न्हाणीघरात पाय घसरून त्यांच्या मणक्याला मार बसला होता. घरात हिंडता-फिरता येई. पण प्रवासात गाडीला धक्का बसला की वेदनेने चेहरा पांढरा पडे. डॉक्टरांनी स्पष्ट बजावले होते की प्रवासास हरकत नाही, मात्र धक्का चालणार नाही. आपल्याकडील रस्त्यांचा परिचय असलेल्या कोणासही या अनुज्ञेतील निषेध लगेच कळेल.

अशात एके दुपारी अकोले गावाच्या पलीकडून, भंडारदऱ्याच्या वाटेवरील वहिनींच्या माहेरून, थोरल्या भावाचा फोन आला. मी तेव्हा तेथेच चहा घेत बसलो होतो. वहिनींना फोनवर कमी ऐकू येत असल्यामुळे फोनचा आवाज मोठा ठेवलेला असे, त्यामुळे दादांचे शब्द आम्हा सर्वांनाच ऐकू आले.

"शाले, डॉक्टर म्हनला, ह्ये काचबिंदू हाय. गेलेलं परत येनार न्हाई. समदं धुरावानी झालंय बघ. डोळ्यात उजेड हाय तवर एकदा येऊन जा. मला तुला बघायचंय."

वहिनी "येते की रं दादा" म्हणाल्या आणि फोन खाली ठेवून कितीतरी वेळ पदराचे टोक चोळीत बसल्या. भाऊसाहेब उठले, बाहेर गेले आणि मोटारीची मागची बाजू दाबू लागले.

मुलाने नाशिकहून आपली नवी गाडी आणली होती. पण तिचे आसन इतके ठेंगणे, की वहिनींना त्यात बसताना जमिनीवर बसल्यासारखे वाकावे लागे आणि उठताना दोघांनी ओढावे लागे. जुन्या मोटारीचे मागचे आसन उंच, रुंद आणि घरातल्या दिवाणासारखे होते. प्रश्न होता तो आसनाखालच्या जगाचा. तेथील कमानी, म्हणजे लोखंडी पट्ट्या एकावर एक बांधून केलेल्या स्प्रिंगा, बसल्या होत्या. त्यांच्या टोकांची रबरे भुगा झाली होती आणि शॉकप तर केवळ नावाला उरले होते.

"गॅरेजात द्या," मुलगा म्हणाला.

"गॅरेजवाल्याच्या हातात घाई असते," भाऊसाहेब उत्तरले. "त्याला गाडी बाहेर काढायची असते. मला तुझ्या आईला न्यायचंय."

आणि कमान उतरविण्याचा मुहूर्त त्यांनी मला विचारला. गृहारंभ, व्रतबंध, विवाह यांचे मुहूर्त मी आयुष्यभर काढले. अवरोहणाचा हा पहिलाच. पंचांग पाहून मी सोमवारची सकाळ सांगितली. त्यांनी पुढच्या चाकांना विटा लावल्या, मागची बाजू जॅकने उचलली, खाली सागवानी ओंडके रचले, मोटार एकदा हलवून ओंडके पक्के बसल्याची खात्री केली, नारळ फोडला आणि पाठीवर झोपून आत शिरले. त्या दिवसापासून भाऊसाहेब म्हणजे आमच्या लेखी दोन पाय आणि एक आवाज एवढेच उरले. येणारा-जाणारा त्या पायांना नमस्कार करी आणि आवाज आशीर्वाद देई.

गंजलेल्या नटांना त्यांनी डिझेल पाजले. "जबरदस्ती करायची नाही. मुरू द्यायचं," ते म्हणत. कुजलेली रबरे काढून नवी बसविताना ती साबणाच्या पाण्यात बुडवीत. वहिनींचा कपडे धुण्याचा साबण त्यात संपला, तेव्हा ओसरीवरून गर्जना झाली, "आता अंगनातच धुनं घाला म्हनावं गाडीला!" मात्र दुपारी जेवणाचे ताट गाडीपाशी आलेले असे आणि भाकरीचा तुकडा मोडून दिलेला असे, कारण धन्याचे हात काळे होते.

एवढे सर्व उत्तम चालले असता घोटाळा झाला. नव्या पट्ट्या आणण्यासाठी भाऊसाहेब मार्केट यार्डाजवळच्या दुकानात गेले. दुकानदार म्हणाला, "काका, एक पट्टी जादा टाका. उसाची ट्रॉली असो, वडापची जीप असो, आपल्या जिल्ह्यात जादा पट्टीशिवाय गाडी रस्त्यावर येत न्हाई. मग बघा, बसायचं नावच न्हाई." आमच्या या देशी जे अधिक भार उचलते तेच श्रेष्ठ, ही श्रद्धा इतकी खोल रुजलेली आहे की आयुष्यभर अवजारांत वावरलेल्या त्या माणसालाही तीत काही वावगे दिसले नाही. दोन्ही बाजूंना एकेक पट्टी जास्त पडली.

गाडी ओंडक्यांवरून उतरली, ती गाय उठताना जशी दिसते तशी: मागचा भाग वर, तोंड खाली.

मग परीक्षा. तिची पद्धत भाऊसाहेबांचीच. रात्री दगडीत, म्हणजे दगडी वाडग्यात, विरजण लावावयाचे, सकाळी ती दगडी मागच्या आसनावर ठेवून गल्लीतील गतिरोधकांवरून एक फेरी मारावयाची. दही जसेच्या तसे राहिले तर कमान उत्तीर्ण. पहिल्या गतिरोधकावर गाडीने असा हिसका दिला की दगडी जाग्यावर राहिली आणि दही भाऊसाहेबांच्या मानेवर आले.

ते तसेच ओसरीत येऊन बसले. मानेवरून दही ओघळत होते. "सगळं नवं आहे," ते पुनःपुन्हा म्हणत होते, "सगळं नवं आहे, आणि तरी दगडासारखी कडक."

वहिनी ओल्या फडक्याने त्यांची मान पुसू लागल्या. "कमान पोत्यांसाठी केली तुमी. मी का पोतं हाय?"

भाऊसाहेब ताडकन उठले. "गुरुजी, ऐकलंत? हिचं वजन कमी पडतंय! जी कमान उसाला वाकते ती हिला कशाला वाकेल?"

"म्हंजे आता मी जाड व्हायचं का?" वहिनींनी विचारले; परंतु तोवर ते किराणा दुकानाकडे निघालेही होते.

दवाखान्याच्या काट्यावर वहिनींचे जेवढे वजन भरले होते तेवढीच बाजरी त्यांनी मोजून घेतली. मी सोबत होतो. दुकानदाराने पोत्याचे तोंड बांधले. भाऊसाहेबांनी ते उचलावयास दोन्ही हातांनी जोर लावला आणि पोते अपेक्षेपेक्षा सहज वर आले.

"एवढंच?" ते मला म्हणाले. "गुरुजी, केवढं हलकं झालंय हो!"

पुढचे काही दिवस ते पोते मागच्या आसनावर, वहिनींच्या जागी, पाठीला उशी लावून बसलेले असे. भाऊसाहेब एक पट्टी काढीत, फेरी मारीत, पुन्हा खाली शिरत, दुसरी पट्टी बदलीत. एकदा मी फाटकाशी उभा असताना गाडी गतिरोधकावरून उतरली, थांबली, आणि भाऊसाहेबांनी मागे वळून त्या पोत्याला विचारलेले मी स्वकर्णांनी ऐकले, "काय, लागलं का?"

वहिनींनीही ते ऐकले. "शेवटी पोतंच केलं न्हवं माझं," त्या म्हणाल्या. पण त्या दिवशी त्यांनी विरजणाला दूध थोडे जास्तच काढून ठेवले. नंतर एका सकाळी दगडी आली ती दह्यावर चरासुद्धा न पडता.

मार्गशीर्षातील एका पहाटे आम्ही निघालो. वाटेत सोबत म्हणून मी पुढे बसलो होतो. भाऊसाहेबांनी गाडी अशी चालविली की उसाने लादलेले ट्रॅक्टर गाणी वाजवीत आमच्या पुढे निघून जात आणि त्यांचे चालक आमच्याकडे करुणेने पाहत.

"अहो, सायकलवाला गेला म्होरं," वहिनी मागून म्हणाल्या.

"जाऊ दे. त्याला दही सांभाळायचं नाही."

प्रत्येक खड्ड्याआधी ते जवळजवळ थांबत, मान किंचित वळवीत आणि विचारीत, "लागलं?" मागून उत्तर येई, "न्हाई." राहुरी गेली, पुढे संगमनेर गेले. मग प्रवरेच्या काठाने रस्ता डोंगराकडे वळला, कापलेल्या भाताची खाचरे दिसू लागली. एका मोरीवर गाडी जराशी दबली आणि अलगद वर आली.

"लागलं?"

मागून उत्तर आले नाही. भाऊसाहेबांचा चेहरा उतरला. "लागलं का गं?" त्यांनी पुन्हा विचारले. मागे वळून पाहण्याचे धैर्य त्यांना होईना. "गुरुजी, तुम्ही बघा."

मी पाहिले. शालनवहिनी उशीवर मान टेकून गाढ झोपल्या होत्या. तोंड किंचित उघडे होते, हात मांडीवर सैल पडले होते.

मी खुणेने सांगितले. त्यानंतर आडव्या आलेल्या शेळ्यांच्या कळपासाठीदेखील भाऊसाहेबांनी हॉर्न वाजविला नाही. गाडी थांबवून शेळ्यांच्या मर्जीची वाट पाहिली.

माहेरच्या अंगणात गाडी शिरली तेव्हा भाच्या ओवाळून टाकायला भाकरतुकडा घेऊन धावत आल्या. भाऊसाहेबांनी खाली उतरून दोन्ही हात पसरले आणि त्यांना तेथेच थोपविले. पाठोपाठ सुनेचा हात धरून, काठी टेकीत, दादा आले.

"आली का माझी शाली?"

"आली, दादा," भाऊसाहेब हळूच म्हणाले. "पण झोप लागलीये तिला. उठवू का?"

"नगं," दादा म्हणाले. ते चाचपडत गाडीपाशी आले, काचेच्या अगदी जवळ चेहरा नेला आणि तसेच उभे राहिले. दुपारचे कलते ऊन थेट वहिनींच्या तोंडावर येत होते. त्यांची झोप मोडेल म्हणून भाऊसाहेबांनी खांद्यावरचा पंचा काढून पलीकडच्या काचेवर आडवा धरला.

"पाव्हनं," दादा म्हणाले, "पंचा काढा. उजेड असू द्या तिच्या तोंडावर. आत्ता दिसतीया मला." मग बऱ्याच वेळाने, "आईवानी दिसाया लागली हो."

भाऊसाहेबांनी पंचा काढला. त्याची घडी करावयास म्हणून ते डोंगराकडे तोंड करून उभे राहिले, आणि ती घडी काही केल्या त्यांच्या हातून होईना.

वाचकहो, आज आपल्याही दारी वाहनाला माळ पडली असेल. त्या वाहनातून आपण ज्याच्या भेटीस निघाल, तो आपल्याला डोळे भरून पाहो. आपल्या घरातील थकल्या देहांना सुखाची झोप लाभो, आणि त्यांच्या झोपेची राखण करणारे कोणीतरी आपल्या घरी सदैव असो, हीच त्या जगन्मातेच्या चरणी प्रार्थना. शुभं भवतु.