आल्बिनाबाईंची वलसाडची वर्षं

कुणाचं सरकारी काम अडलंय? या आमच्याकडे! हा चंद्रहास एकदा पाठीशी उभा राहिला की माणसाचं भलं होतंच. माझं स्वतःचं काय होतं ते ऐका.

यंदाचीच, सत्त्याण्णव सालची गोष्ट. वसईतल्या आमच्या कचेरीतल्या आल्बिनाबाई मे अखेर निवृत्त होणार होत्या, आणि तेही साध्या कारकून म्हणून! अहो, काय बाई होती! वीस वर्षांपूर्वीची फाइल मागा, डोळे मिटून कपाटातून काढून देणार. नवे साहेब आले की आधी त्यांनाच विचारायचे, "बाई, इथे कसं करतात?"

घोळ असा. बाई एकोणसाठ साली जुन्या मुंबई राज्यात वलसाडच्या एका कचेरीत लागल्या. वर्षभरात राज्याचे दोन तुकडे झाले. बाईंनी लगेच लिहून दिलं, मला महाराष्ट्रात पाठवा. तिकडच्यांनी त्यांना सोडलं त्र्याहत्तर साली! आणि इकडे सेवाज्येष्ठता यादीत टाकलं नव्या पोरांच्याही खाली. चौदा वर्षं पाण्यात!

"बाई, हरकत नाही घेतली?"

"पाच वेळा घेतली. पन सेवापुस्तक गुजरातीत. दर वेळी शेरा येतो, भाषांतर जोडा. करनार कोन?" बाईंनी पदर सावरला. "पैसे नकोत रे मला. एक दिवस तरी अव्वल कारकून म्हनून सही करायची होती."

मी सेवापुस्तक उचललं. "बाई, सोडा माझ्यावर!"

स्कूटरला किक मारली ती थेट सातिवली! तिथल्या एका गोदामात ओळखीचे गुजराती मुनीमजी होते. ते वाचू लागले तसे हमालही गोळा झाले. दर वर्षी एकच शेरा: "या बाईंना सोडल्यास कचेरी बंद पडेल. सोडू नये." सलग तेरा वर्षं! हुशारीची शिक्षा हो, दुसरं काय!

दुसऱ्या दिवशी साहेबांनी बोलावलं. "सरकारी पुस्तक घेऊन गोदामात काय करता? कुणाशी साटंलोटं?" कुणीतरी चुगली केली होती! मी भाषांतर पुढे ठेवलं. साहेबांनी ते दोनदा वाचलं आणि म्हणाले, "आजच अर्ज करा. मी शिफारस करतो."

मग मला जोर चढला. आठ पानी हरकत! शेवटी ठणकावलं, "जागा रिकामी नसल्यास सर्वांत कनिष्ठ अव्वल कारकुनास खाली आणावे, पण बाईंना न्याय द्यावा!"

बाईंनी वाचून चष्मा काढला. "चंद्रहास, हे वाक्य काढ."

"न्यायात भीड नको, बाई!"

"अरे, पन ऐक तरी—"

"एक अक्षर कमी करणार नाही!"

एप्रिल अखेर ठाण्याहून आदेश आला. बाईंना बढती! कचेरीत टाळ्या! साहेबांनी पान उलटलं आणि खाली कुणाला आणायचं ते वाचून दाखवलं. सर्वांत कनिष्ठ अव्वल कारकून मीच होतो! बढती मिळाल्यापासून मी यादी वरूनच वाचायचो, कोण कधी निवृत्त होतंय ते बघायला. खाली कोण आहे ते बघायची गरजच पडली नव्हती.

बाई साहेबांना म्हणाल्या, "त्याला राहू द्या. मला नको."

"बसा हो बाई!" मीच खुर्ची पुसली. खरं सांगतो, त्या क्षणी माझी छाती अभिमानाने फुगली होती. बाई बसल्या. पहिली सही केली ती माझ्याकडून कार्यभार घेतल्याच्या कागदावर. काय वळणदार सही! मग सगळ्यांना घरी वाळवलेल्या केळ्यांची सुकेळी वाटली. महिनाभरात त्यांनी माझा सहा महिन्यांचा तुंबलेला टपाल-गठ्ठा निकाली काढला, हे आमच्यातच ठेवा.

मे अखेर बाईंचा निरोप समारंभ झाला. घरी सुनंदा म्हणाली, "अहो, जूनपासून खुर्ची परत तुमचीच ना?"

झालीही असती हो! पण माझ्या अर्जाच्या झेरॉक्स जिल्हाभर फिरल्या. सुरत, डांग, नवसारीहून आलेले आणखी चौघे निघाले, सगळे यादीत माझ्याखाली; न्याय मिळाला की माझ्या वर! चौघांच्याही हरकती तपासायला माझ्याच टेबलावर आल्यात. आठवडा झाला, एक चूक सापडेल तर शपथ!