केळुस्करांचे हात

फिल्ममधून ज्याला कापलं तो संपादकाच्या घरी राहायला येतो, हे प्रभंजन केळुस्करांना धंद्यात पाऊल टाकलं तेव्हाच कुणीतरी सांगितलं होतं. त्यांनी माहितीपट कापले, टीव्हीचे कार्यक्रम कापले आणि घर भरत गेलं. स्वयंपाकघरात एक सुईण, गॅलरीत दोन मिठागरवाले, दिवाणावर विषय सोडून बोलणारे एक मास्तर. बायको हेमांगी सगळ्यांना पिठलं-भात वाढायची. मंत्री मात्र एकही आला नाही. मंत्री कापायचा नसतो, एवढी एकच अक्कल चॅनेलवाल्यांना होती. बाकी सगळा आनंदच!

केळुस्कर निवृत्त झाले आणि चॅनेलला उमाळा आला. त्यांच्या कारकिर्दीवर माहितीपट करायचं ठरलं. संपादनाला त्यांचीच शिष्या, ओवी बिडवई.

केळुस्कर फिल्म बघायला गेले. पडद्यावर हेमांगी हसली, मंत्र्यांनी भाषण ठोकलं, मग केळुस्करांचे दोन हात दिसले. संपली.

"मी कुठाय गं?"

"सर, तुम्ही बोलताना फार थांबता."

"मग थांबतो तिथे काप आणि वर हातांचा शॉट टाक. कापल्यावरचा सांधा कसा झाकायचा ते मीच शिकवलंय ना तुला?"

"टाकला की. मग वाटलं, हातच पुरेत."

"अगं, माझं घर सुटेल! हेमांगीला सोडून कुठे जाऊ या वयात? एक शॉट ठेव. पाठमोरा चालेल."

ओवीला खरंच वाईट वाटलं. मंत्र्यांचं एक वाक्य काढून जागा करू का, असं तिने चॅनेलच्या साहेबांना विचारलं.

"काढ ना," साहेब म्हणाले. "मग मंत्री येतील तुझ्याकडे मुक्कामाला. बंदोबस्तासकट."

फिल्म तशीच दाखवली गेली. समारंभात केळुस्करांसाठी आणलेली शाल साहेबांनी स्वतःच पांघरली आणि ते म्हणाले, "केळुस्करांची उणीव कुठेही जाणवत नाही." टाळ्या काय पडल्या म्हणता! मेल्यांना लाज म्हणून नाही.

दुसऱ्या दिवशी हेमांगीने बॅग भरून नवऱ्याच्या खांद्याला अडकवली. हात फिल्ममध्ये होते, ते घरीच राहिले.

ओवीचं दार केळुस्करांनी पायाने ठोठावलं. एका म्हातारीने उघडलं. विहिरीवरच्या फिल्ममधून तिला कापलं होतं. विहीर तिनेच खणली होती. तिने त्यांना बसवलं, चहा बशीत ओतला आणि बशी त्यांच्या ओठांना लावली.

"दमानं घ्या. पोळंल."

तेवढ्यात हेमांगीचा फोन आला. म्हातारीने तो त्यांच्या कानाशी धरला.

"पोचलात ना? इकडची काळजी करू नका. हातांनी मटार सोलून दिले."

"बरं."

"आता माझे केस विंचरतायत. तुम्ही जन्मात कधी विंचरले नव्हते हो."

केळुस्करांना रडू आलं. डोळे पुसायला त्यांनी मान खांद्याकडे वळवली, पण पोचली नाही. म्हातारीने पदराने पुसले.

"विंचरू दे," ते म्हणाले.