यादी पूर्ण व बरोबर आहे

महिन्याच्या शेवटच्या दिवशी कॉम्प्युटर अडकला आणि सगळ्यांचे पगार काढणाऱ्या पगारकाकांनी तेच बटण पुन्हा दाबलं. झालं! कारखान्यातल्या चारशे अकरा कामगारांच्या पगारातून युनियनची वर्गणी दोनदा कापली गेली. कापणारा एक, ओरडणारे चारशे अकरा. दुसऱ्याच दिवशी युनियनने लेखी तक्रार ठोकली आणि संध्याकाळी काकांच्या टेबलावर चौकशीची नोटीस आली. शुक्रवारी अकराला हजर राहावे; सोबत आपल्या युनियनचा एक प्रतिनिधी आणता येईल.

काकांच्या तोंडचं पाणी पळालं. पेन्शनला वीस वर्षं नोकरी लागत होती आणि त्यांची एकोणीस वर्षं सात महिने भरली होती.

"डोकं धरून काय बसलात?" बायको म्हणाली. "युनियन आहे ना? इतकी वर्षं वर्गणी भरलीत ती कशाला?"

"अगं, तक्रार युनियनचीच आहे."

"असू दे. आपला तो आपला."

युनियनचा सेक्रेटरी लेथवर काम करायचा. माणूस सरळ होता. "काका, तक्रार आमची, आणि तुमची बाजू मांडणाराही आमचाच," तो म्हणाला. "सभासद तो सभासद. फक्त यादीत नाव बघून घेतो." त्याने तेलकट बोट यादीवरून खाली नेलं, मग पुन्हा वर आणलं. "तुमचं नाव नाही ओ."

"असं कसं? दर महिन्याला खजिनदाराच्या हातात पैसे दिलेत मी!"

"हातात? पगारातून का नाही कापले?"

पगारातून कापायचे तर संमतीचा फॉर्म लागे आणि त्यावर साहेबांची सही. पगार काढणारा माणूसच युनियनमध्ये आहे हे साहेबांना कळू नये, म्हणून काकांनी ही अक्कल चालवली होती. खजिनदार पावती देणाऱ्यांतला नव्हता, आणि गेल्याच महिन्यात तो वारला होता.

"बरं, ही यादी कोण बनवतं?" सेक्रेटरीने विचारलं.

वर्गणी कापलेल्यांची ही यादी दर महिन्याला काकांच्याच टेबलावरून युनियनकडे जायची. यादीखाली 'पूर्ण व बरोबर आहे' असं लिहिलेलं होतं आणि त्याखाली काकांचीच सही होती, चांगली वळणदार.

"अशा किती याद्या दिल्यात आजवर?"

"दोनशे पस्तीस."

"म्हणजे दोनशे पस्तीस वेळा तुम्हीच लिहून दिलंय, की तुम्ही सभासद नाही. मी काय करू सांगा? आज फॉर्म भरलात तरी पुढच्या महिन्यापासून लागू."

तरी काकांनी फॉर्म भरला. घाबरलेल्या माणसाला जे सुचतं तेच त्यांना सुचलं. फॉर्म घेऊन ते थेट साहेबांकडे गेले आणि हात जोडून म्हणाले, "साहेब, एवढी मागची तारीख घालून सही द्याल का?"

साहेबांनी चष्मा काढला. "म्हणजे एकोणीस वर्षं तुम्ही हे लपवलंत? आणि आता माझ्याकडून खोटी तारीख घालून घेताय?" नोटिशीत आणखी दोन आरोप वाढले. आगीतून निघून काका फुफाट्यात पडले.

शुक्रवारी काकांच्या शेजारची खुर्ची रिकामी होती. समोर तक्रारदार म्हणून सेक्रेटरी बसला होता. "काका, मला वाईट वाटतंय हो," तो हळूच म्हणाला, आणि त्याला खरंच वाईट वाटत होतं. मग त्याने तक्रार वाचली. चाळीस मिनिटांत सगळं आटोपलं. काकांना नोकरीवरून काढलं.

"तुमचा शेवटचा हिशेब आजच देऊन टाकतो," साहेब म्हणाले, आणि जरा अडखळले. "पण तो करणार कोण? तुमच्याशिवाय ते इथे कोणाला येतंय?"

काका आपल्या टेबलाशी जाऊन बसले. उरलेल्या रजा, चालू महिन्याच्या दिवसांचा पगार, सगळं त्यांनी ओळीने मांडलं. एक दिवस स्वतःच्या बाजूने जास्त धरला गेला होता, तोही त्यांनी कापला. पेन्शनच्या रकान्यात शून्य लिहिताना मात्र त्यांना काही वेळ दिसेनासं झालं.

साहेबांनी कागद दोनदा तपासला. "एकही चूक नाही. काका, असंच लक्ष देऊन काम केलं असतंत तर ही वेळ आली असती का?"

"नाही, साहेब."

"बरं, सोमवारपासून नवीन माणूस येतोय. त्याला जरा शिकवायला याल का? अर्थात पगार नाही देता येणार."

काकांनी थोडा विचार केला.

"किती वाजता येऊ?" त्यांनी विचारलं.