बैलांची तारीख

"एका बैठकीत सोयरीक पक्की करतो, बघत राहा!" देविदासनं अख्ख्या तांड्याला सांगून ठेवलं होतं. शिला त्याच्या मनात पक्की भरली होती. अडचण एकच, तिचा बाप धर्मसिंग. आलेल्या प्रत्येक स्थळाला त्यानं नाक मुरडलेलं!

पाहुण्यांवर छाप पाडायला देविदासनं वसमतहून भाड्यानं टीव्ही आणि व्हीसीआर आणला. मारामारीच्या कॅसेटी सगळ्या बाहेर गेलेल्या. दुकानदार म्हणाला, "ये ले जा. नदी है, पहाड है, डाकू है!" ती कॅसेट कुणीच नेत नाही आणि तिच्यातलं सगळं चित्रातलं आहे, एवढं मात्र तो बोलला नाही.

दुपारी धर्मसिंग पाहुण्यांना घेऊन आला, तशी दारं लावून अंधार केला. पडद्यावर एक रंगवलेला तांबडा बैल आला आणि चक्क बोलायला लागला!

"कार्टून?" धर्मसिंग कडाडला. "आमी काय लेकरं हाव का?" फेटा सावरत तो उठलाच. देविदासच्या आईनं, मोतीबाईनं, कपाळाला हात लावला.

तेवढ्यात पडद्यावरचे बैल नदीत शिरले. पाठीवर मिठाच्या गोण्या!

"आरं, थांबा! मीठ विरघळंल ना! काहून पाण्यात घालून राहिले?" धर्मसिंग टीव्हीवरच ओरडला आणि काचेला नाक लावून खाली बसला. त्याच्या आज्यानं उभा जन्म बैलांवर मीठ वाहिलेलं.

हा राग आहे की लोभ, देविदासला काही कळेना.

"मामा, ते सोयरिकीचं..."

"चूप! बैल पाण्यात हायेत!"

जरा वेळानं, "मामा, आता?"

"घाट उतरू दे की!"

सिनेमा संपला. देविदासनं घसा खाकरला.

"पुन्ना लाव," धर्मसिंग म्हणाला. "तांबड्याची गोणी कुठं सुटली, बराबर दिसलं न्हाई."

दिवेलागणीला डोळे पुसत तो उठला. "पोरगी दिली! पर लग्नात हाच शिणेमा पायजे."

आपण पसंत पडलो की तांबडा बैल, हा घोळ डोक्यात घेऊनच देविदास आठवड्यानं वसमतला पळाला. दुकानदारानं मान हलवली. "मुश्किल है भाई. तेरे ससुर ने सब तांडों में बोल दिया. अब सबको यही मंगता!" धूळ खात पडलेल्या कॅसेटला आता नंबर लागले होते! शेवटी बैलांना वैशाखात तारीख मिळाली, म्हणून लग्नही वैशाखात ठरलं.

लग्नाच्या दिवशी देविदास बाशिंग बांधून मांडवात आला. मांडवात चिटपाखरू नव्हतं! सगळं वऱ्हाड घरात, टीव्हीपुढं. सासऱ्याला हाक मारून त्याचा घसा बसला.

शेवटी आतून आवाज आला. पण तो सासऱ्याचा नव्हता, खुद्द नवरीचा होता.

"थांबा हो जरा! बैल पाण्यात हायेत!"