कोपरकरांचा बोळ

एका रविवारी चंद्रकांतराव कोपरकर बेंगळुरातल्या चिकपेटेच्या बाजारात गेले आणि एक दणकट कुलूप घेऊन आले. माणसाने कुलूप आणावं, दाराला लावावं, गप्प बसावं. पण कोपरकरांना गप्प बसणं जमलं असतं तर ही गोष्ट सांगायची वेळच आली नसती.

कुलूप होतं बोळाच्या फाटकासाठी. राजाजीनगरात कोपरकरांच्या घराच्या कडेने एक बोळ जायचा. जागा कोपरकरांची, पण वापरायचे मागच्या घरातले हयवदनराव. सकाळी दुधाला, दुपारी पोस्टात, संध्याकाळी देवळात, सगळीकडे जायचे ते याच बोळातून. नाहीतर त्यांना अख्ख्या लेआउटला, म्हणजे सगळ्या वसाहतीला, वळसा पडायचा. हयवदनराव मूळचे धारवाडचे, त्यामुळे मराठी बोलायचे, पण आपल्या तालात. कोपरकर व्हरांड्यातून रोज ओरडायचे, "अहो, हा रस्ता नाही! माझी जागा आहे!"

"हो हो, आपलीच की," असं म्हणून हयवदनराव पुढे जायचे.

कोपरकर एका सरकारी कारखान्यात डेप्युटी मॅनेजर. कुणाला काही देणं त्यांच्या रक्तातच नव्हतं. शेजाऱ्याने पेपर मागितला तर "अजून वाचतोय" म्हणायचे (पेपर रद्दीत गेला तरी वाचन चालूच). अंगणातला कढीपत्ता वाळून जायचा, पण दुसऱ्याच्या फोडणीत पडायचा नाही. बरं, याची लाज? छे! "आजवर मी कुणाला 'हो' म्हटलेलं नाही," हे ते छाती काढून सांगायचे. लोक पदकं मिरवतात, हे गृहस्थ नकार मिरवायचे.

तर मोटारीसाठी लावलेला त्यांचा नंबर लागला. मोटार आली की गॅरेज हवं, आणि गॅरेजला जागा एकच, तो बोळ. म्हणून कुलूप.

"अहो, त्यांच्या बायकोचे गुडघे दुखतात," हेमलताबाई नवऱ्याला म्हणाल्या. "एवढा वळसा कसा घालणार ती?"

"गुडघे त्यांचे, बोळ माझा!" कोपरकरांनी किल्ली खिशात टाकली.

हयवदनरावांनी आरडाओरडा केला नाही. ते शांतपणे वळसा घालून गेले आणि थेट कोर्टात पोचले. कोपरकरांना समन्स आलं.

"दावा? माझ्यावर? चोराच्या उलट्या बोंबा!"

मग ते पद्मनाभ वकिलांकडे गेले. पद्मनाभ जुन्या बेंगळुरी मराठी घराण्यातले, त्यामुळे बोलण्यात कानडीची फोडणी. चिकपेटेत साड्यांच्या दुकानावर त्यांचं ऑफिस. त्यांनी सगळं ऐकलं आणि म्हणाले, "सरी, ठीक आहे. आता स्वल्प ध्यान देऊन ऐका. वीस वर्षं कुणी उघडपणे, हक्काने ये-जा केली, तर ती वाट त्याची होते. नुसतं ओरडणं कायदा धरत नाही, अडवायला पाहिजे होतं. पण तो तुमच्या परवानगीने जात असेल, तर वीस काय, दोनशे वर्षं गेला तरी हक्क नाही. पाहुणा कधी घराचा मालक होतो काय?"

"मग?"

"मग काय! कोर्टात एवढंच सांगा, मी परवानगी दिली होती. केस खलास."

कोपरकरांचा चेहरा एरंडेल प्यायल्यासारखा झाला.

सोबत आलेल्या हेमलताबाई मात्र उजळल्या. "अहो, दिलीच होती की! आपण राहायला आलो त्या दिवशी त्यांची बायको नारळ घेऊन आली होती. 'बोळातून गेलं तर चालेल का' म्हणून विचारलं तिने. मी म्हटलं, खुशाल जा."

"अक्का!" पद्मनाभ खुर्चीतून उठलेच. "तुम्हीच साक्ष द्या. जिंकलो आपण!"

"काही गरज नाही!" कोपरकर कडाडले. "माझ्या घरात माझ्याशिवाय कुणी परवानगी देत नाही. साक्ष मीच देणार."

"द्या. पण 'परवानगी दिली' हे दोन शब्द तेवढे बोला हो, सर. पाया पडतो."

दोन शब्द! पोपटालासुद्धा आठवड्यात शिकवता येतात. हेमलताबाईंनी ते नवऱ्याकडून घरी, बसमध्ये, कोर्टाच्या पायऱ्यांवर घोकून घेतले. कोपरकरांनी ते दात आवळून म्हटलेसुद्धा.

साक्षीच्या पिंजऱ्यात ते ताठ उभे राहिले. समोर हयवदनरावांची वकीलबाई, तरुण पोरगी. तिने अशिलाकडून या माणसाची पुरती कुंडली ऐकलेली असणार. ती गोड हसली.

"सर, तुम्ही फार दयाळू दिसता. शेजाऱ्याची अडचण पाहून तुमचं मन विरघळलं असेल. म्हणून त्यांना प्रेमाने म्हणाला असाल, 'या, जा, आपलंच घर आहे.' असंच ना?"

पद्मनाभांनी मान जोरजोरात वरखाली केली. हो म्हणा! अहो, हो म्हणा!

पण दयाळू? कोपरकर? भर कोर्टात, कारखान्यातली दोन माणसं मागे बसलेली असताना? कानशिलं तापली. डोक्यातून मोटार गेली, गॅरेज गेलं, अक्कल तर केव्हाच गेली होती.

"मी? आणि परवानगी?" ते गरजले. "अहो, मी रोज यांच्या नावाने शंख करतो! आणि हा माणूस रोज माझ्या नाकावर टिच्चून जातो, जसा काही याच्या बापाचाच रस्ता!"

"रोज, सर? मध्ये कधी खंड?"

"नाव नको! रविवारीसुद्धा जातो!"

"वीस वर्षं झाली असतील?"

"वीस? जास्तच!"

"आणि तुम्ही कधी 'हो' म्हटलं नाहीत?"

"जन्मात कुणाला म्हटलं नाही, याला म्हणेन?"

"थँक्यू, सर," म्हणत ती खाली बसली. जजसाहेब लिहीत होते. कोपरकर लढाई मारून आल्यासारखे खाली उतरले.

"कशी जिरवली?"

पद्मनाभांनी कपाळावरचा हात काढला नाही. "छान. आता त्यांना दुसरा साक्षीदार आणायला नको. तुम्ही एकटेच पुरलात."

निकाल व्हायचा तोच झाला. कुलूप काढा, बोळ मोकळा ठेवा, गॅरेज नाही. मोटार आली आणि रस्त्यावरच्या झाडाखाली उभी राहिली. कावळ्यांनी तिचा तिथल्या तिथे ताबा घेतला. टप साफ करता करता हेमलताबाई चिडून म्हणाल्या, "दोन शब्द होते हो, दोन!"

आता कोपरकरांच्या डोक्यात प्रकाश पडला. (इतक्या उशिरा पडला की त्यात पाहण्यासारखं काही उरलंच नव्हतं.) यापुढे तरी हयवदनराव परवानगीने जाऊ देत! दुसऱ्या दिवशी सकाळी बायकोला साक्षीदार म्हणून व्हरांड्यात उभं करून ते फाटकाशी गेले. दुधाची बरणी घेऊन हयवदनराव येताच यांनी हात पसरले.

"या या, हयवदनराव! खुशाल जा! माझी परवानगी आहे!"

हयवदनराव थबकले. "नको की, सर. कशाला तुम्हाला त्रास?"

"त्रास कसला! मी आपण होऊन देतोय. घ्या!"

"आता तिचं मी काय करू, सर? ठेवा तुमच्याकडेच. तुम्हाला सवय नाही, एकदम अशी खर्च करू नका." आणि ते बोळातून निघून गेले.

हेमलताबाई पदर तोंडाला लावून आत पळाल्या. कोपरकर हात पसरून तसेच उभे राहिले. त्या दिवसापासून ते रोज सकाळी फाटकाशी उभं राहून परवानगी देऊ लागले, आणि हयवदनराव रोज "नको" म्हणून बोळातून जाऊ लागले.