दामोधरभाऊंचा तेरवा

पाहुणे म्हणून गेल्यावर पुढ्यात पोहे आले, की आपण खातो. दामोधरभाऊ आधी पोह्यांचं गाव विचारतात. मग एक घास तोंडात टाकून डोळे मिटतात, जीभ टाळूला लावून 'टक्' असा आवाज काढतात आणि यजमानांकडे बघून गंभीरपणे म्हणतात, "तेरवा चांगला आहे."

नवखा यजमान दचकतो. साहजिक आहे. आमच्याकडे माणूस गेल्यावर तेराव्या दिवशी जे जेवण असतं, त्याला तेरवी म्हणतात. धडधाकट माणसांच्या घरात सकाळी नऊ वाजता कोणी तेरव्याचं कौतुक करायला लागलं, तर पोहे घशाखाली कसे उतरणार?

दामोधरभाऊ मेश्राम माझे शेजारी. चंद्रपुरात परकोटाच्या आत आमची घरं भिंतीला भिंत लागून आहेत. मी सरकारी दवाखान्यात नर्स, म्हणून गल्लीची सिस्टर. भाऊ पाटबंधारे खात्यातून निवृत्त झाले. मूळचे कुरखेड्याजवळच्या एका खेड्यातले. कौसल्याबाई, त्यांची बायको, काही वर्षांपूर्वी गेल्या. एकुलता एक मुलगा प्रवीण नाशिककडे द्राक्षांची वाइन करणाऱ्या एका कारखान्यात आहे. भाऊ स्वतः सुपारीचं खांडसुद्धा खात नाहीत. त्यांच्या गडचिरोली जिल्ह्यात सरकारनं दारूबंदी केली, त्याच्या कितीतरी आधी त्यांच्या बापानं घरात केली होती. तर असा हा माणूस निवृत्तीनंतर मुलाकडे राहायला गेला आणि परत येताना वाइनचा एक थेंब न चाखता वाइनवाल्यांचा एक शब्द घेऊन आला.

"पाहा सिस्टर," बॅग खाली ठेवायच्या आधी त्यांनी मला सांगितलं, "द्राक्षाचा वेल एकच. पण या टेकडीवर लावला तर एक चव, त्या टेकडीवर लावला तर दुसरी. माती, पाणी, ऊन, हवा, लावणाऱ्याचा हात, सगळं त्या फळात उतरते. त्याले फ्रान्सचे लोक म्हणते तेरवा. बाटलीवर गावाचं नाव लिहिते ते उगाच नाई."

"पण भाऊ, आपल्याकडे कुठं आहेत द्राक्षं?"

"द्राक्षाचं काय घेऊन बसल्या? तेरवा सगळ्याले असते!"

तिथून आमची गल्ली कामाला लागली. भाऊंनी लिंबाचा तेरवा काढला, चिंचेचा काढला, नळाच्या पाण्याचा काढला. ("पाणी इरई धरणाचं आहे, पण पाइपाची चव जास्त लागून राह्यली.") नाक्यावरच्या लतीफभाईंच्या चहाचा तेरवा त्यांच्या मते दुधात नव्हता, पत्तीत नव्हता, भांड्यात होता. "हे भांडं घासू नका लतीफभाई, चव जाईन." लतीफभाईंनी ते इतकं मनावर घेतलं की शेवटी मलाच जाऊन भांडं घासायला लावावं लागलं.

पुढे शब्द फळांवरून माणसांवर सरकला. एसटीचा ड्रायव्हर खड्डा चुकवत नसला, तर त्याचा तेरवा खडकाळ. माझं माहेर वरोऱ्याकडचं. एकदा भाऊंनी माझ्या रांगोळीवरून मोटारसायकल नेली, तेव्हा मी जरा आवाज चढवला. भाऊ शांतपणे म्हणाले, "तुमचा तेरवा काळ्या मातीचा आहे सिस्टर. उन्हाळ्यात भेगा पडते. पण पाणी धरून ठेवते." भांडण करायला आलेल्या बाईनं यावर काय करावं? मी नव्यानं रांगोळी काढली.

आता खरी गोष्ट सांगते. दामोधरभाऊंना तेरवा अजिबात ओळखता येत नाही. एकदा वांग्याची भाजी खाऊन त्यांनी छातीठोक सांगितलं, "मार्कंड्याचं वांगं. वैनगंगेच्या काठची माती बोलून राह्यली." भाजीवाली समोरच बसली होती. ती म्हणाली, "भाऊ, नागपूरच्या मंडीतून आलं ते." भाऊ एक क्षणही अडखळले नाहीत. "मग बी मार्कंड्याचं असन," म्हणाले आणि आणखी वाढून घेतलं.

पण या शब्दानं गल्लीत खरा गोंधळ उडवला तो एका रविवारी.

भाऊंच्या मनात आलं, की लोकांना तेरवा तोंडी सांगून पटत नाही, खाऊ घालून पटवावा. त्यांनी एकाच जातीचा तांदूळ चार गावांहून मागवला: कुरखेडा, मूल, सिंदेवाही, ब्रह्मपुरी. चारही वेगवेगळ्या हांड्यांत शिजवायचा आणि सगळ्यांनी चव घेऊन सांगायचं, माती बोलते की नाही. बेत झकास होता. निमंत्रण मात्र त्यांनी फोनवर दिलं, तेही घाईत. "रविवारी तेरवा आहे, दुपारी जेवाले या. नुसता भातच आहे, पण या."

मी सकाळची ड्युटी आटोपून पोचले, तर भाऊंच्या ओसरीवर पंधरावीस माणसं मान खाली घालून बसलेली. लतीफभाईंनी दुकान बंद ठेवून पांढरा कुर्ता घातला होता. समोरच्या सिंधुबाई पदर तोंडाला लावून होत्या. मी वाकून त्यांच्या कानात विचारलं, "काय झालं?"

"तुमाले माहीत नाई?" त्या कुजबुजल्या. "तेरवी आहे."

"कोणाची?"

"तेच तर कोणाले माहीत नाई! विचारावं कसं?" मग जरा थांबून, "आणि यांच्या समाजात तर तेरवी करतच नाई ना?"

लतीफभाई हळूच पुढे सरकले. "सिस्टर, मले वाटते कोणी दूरचं असन. गावाकडचं. भाऊ अंदरच आहेत, स्वयंपाक करून राह्यले. खुद के हाथ से. बहुत हिंमत लागते."

तेवढ्यात आतून भाऊ बाहेर आले. कमरेला टॉवेल गुंडाळलेला, हातात पळी, चेहरा वाफेनं आणि आनंदानं लाल. त्यांनी सगळ्या सभेवरून नजर फिरवली.

"काऊन असे बसले? भूक नाई का कोणाले?"

शेवटी सिंधुबाईंनी धीर करून विचारलं, "भाऊ, गेलं कोण?"

"कुठी गेलं?" भाऊंनी मागं वळून पाहिलं. "सगळे तर इथीच आहेत!"

उलगडा व्हायला थोडा वेळ लागला आणि झाल्यावर जो हशा पिकला, त्यानं रस्त्यावरचे ऑटो थांबले. लतीफभाई हसता हसता कुर्त्यानं डोळे पुसत म्हणाले, "अरे भाऊ, मग बराबर शब्द तरी सांगा. हा आहे काय?"

भाऊ ताठ उभे राहिले. शेवटचा र घशातून घासत त्यांनी उच्चार केला, "तेर्वार." अगदी नीट. कुठल्या साहेबाला म्हणता येणार नाही असा. "पण हे आपल्या जिभेले जड जाते. म्हणून मी तेरवा म्हणतो."

मग जेवणं झाली. भाऊंच्या डोळ्यांवर टॉवेल बांधून लतीफभाईंनी त्यांना चारही भात भरवले. भाऊंनी ब्रह्मपुरीला मूल म्हटलं, मूलला सिंदेवाही म्हटलं आणि एकाच वाटीला दोनदा कुरखेडा म्हणून डोलले. खऱ्या कुरखेड्याच्या भाताला त्यांनी नावं ठेवली. सिंधुबाई म्हणाल्या, "भाऊ, भात सगळे सारखेच आहेत. एक जरा करपला, तेवढाच निराळा." पण वरण फक्कड झालं होतं. मागून कोणी लोणचं आणलं, कोणी पापड भाजून आणले, आणि लोक उन्हं कलेपर्यंत हलले नाहीत.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी उरलेल्या भातासकट माझ्याकडे आलेली त्यांची हांडी परत करायला गेले. दार उघडंच होतं. भाऊ पाठमोरे बसून फोनवर बोलत होते.

"समजलं नाई बापा... हां, माती... मग पाण्याचं काय म्हणत होता?... आणि तो शब्द काय होय रे? तेरवी का? नाई? मग?... तेर... तेर काय?... जिभेवर बसूनच नाई राह्यला पाह्य. पुन्हा सांग."

मी दारातच उभी राहिले. आदल्या दिवशी सगळ्या गल्लीसमोर ज्यानं घशातून र काढून दाखवला, तो माणूस लहान पोरासारखा अडखळत होता. पलीकडून प्रवीणचा आवाज ऐकू येत होता. शब्द कळत नव्हते, पण तो रंगून बोलत होता. भाऊ मान हलवत होते. मधूनच "असं होय!" म्हणत होते.

फोन संपला तेव्हा त्यांनी मला पाहिलं. ओशाळले. हांडी हातात घेऊन उगाच आत डोकावून पाहायला लागले.

"भाऊ," मी म्हटलं, "काल तर तुम्हाला येत होतं."

त्यांनी हांडी खाली ठेवली.

"कौसल्या होती तवा पोरगा तिच्यासंग बोले. तास तास बोले. माह्या हाती फोन आला का, 'जेवले का बाबा?' 'जेवलो.' 'तब्येत?' 'बरी आहे.' खतम. दोघंही फोन धरून बसाचो, बोलाचं काय तेच सुचे नाई. ती गेल्यावर तर तेवढंही कमी झालं." त्यांनी फोन खिशात ठेवला. "नाशकाले गेलो, तर पहिले दोन दिवस तसेच गेले. मग त्यानं मले मळा दाखवाले नेलं. मी सहज विचारलं, ही वेगळी पाटी कायची रे? तर पोट्टा जो बोलाले लागला! खाली बसून माती उकरून दाखवली मले. बोलता बोलता असे हात हलवे, थेट तिच्यासारखे. मले पहिल्याच खेपेले समजलं होतं सिस्टर. पण मी म्हटलं, समजलं नाई."

भाऊंनी चहा ठेवला. आम्ही दोघांनी तो प्यायला आणि त्या दिवशी त्यांनी चहाचं गाव विचारलं नाही.

उन्हाळ्याच्या तोंडाशी, मोहाची फुलं पडायच्या दिवसांत, मी सकाळी दवाखान्यातून परतले तर भाऊ अंगणात कडुनिंबाखाली खुर्ची टाकून फोनवर. शेजारच्या स्टुलावर चहा निवून त्यावर साय धरलेली. मी हातानंच विचारलं, काय चाललंय? त्यांनी फोनवर तळहात ठेवला.

"प्रवीण आहे. त्याच्या कारखान्यात कोणी मोहाबद्दल विचारलं त्याले. फूल कसं पडते, कसं वेचते, कसं वाळवते, मले विचारून राह्यला. काल सांगतलं, परवा सांगतलं. एवढा शिकलेला पोट्टा, पण त्याच्या ध्यानात राहूनच नाई राह्यलं."

कौसल्याबाई मला नेहमी सांगायच्या, की सुटी लागली की प्रवीण आजीकडे पळायचा. पहाटे टोपली घेऊन सगळ्यांच्या आधी मोहाखाली हजर असायचा आणि फुलं खाऊन खाऊन दुपारी पोट धरून बसायचा.

भाऊ माझ्याकडे पाहत होते. चेहऱ्यावर मुलाच्या अडाणीपणाची काळजी होती आणि त्या काळजीखाली दडवता न येणारं सुख.

"मग सांगा की," मी म्हटलं. "घाई करू नका. नीट सांगा."

त्यांनी खुर्ची सावलीत ओढली आणि फोन कानाला लावला.

"हां बापा, कुठी होतो मी? हां. तर आधी झाडाखालचा पाला झाडून घ्याचा..."